एकोणपन्नाशीत पंच्याहत्तरीची आजी

माझं वय ४९. सांगलीत एका निमसरकारी कार्यालयात वरिष्ठ लिपिक आहे. गेली २७ वर्षं हौशी नाटकांत काम करते. राज्य नाट्य स्पर्धेत दोनदा अभिनयाचं प्रशस्तिपत्र मिळालं, पण नायिका एकदाही वाट्याला आली नाही. बाविसाव्या वर्षी पहिलं काम केलं तेच आजीचं, केसांना पावडर फासून. तेव्हापासून आई, सासू, विधवा मावशी, शेजारची म्हातारी. आता एका मालिकेतून विचारणा झाली आहे. चित्रीकरण वाईजवळ, भूमिका ७५ वर्षांच्या आजीची. पडद्यावर जो माझा मुलगा होणार आहे तो नट ४६ वर्षांचा आहे, म्हणजे माझ्याहून फक्त तीन वर्षांनी लहान! घरी सांगितलं तर हे म्हणाले, “आता या वयात कशाला?” ऑफिसातली मैत्रीण म्हणाली, “आत्ताच आजी झालीस तर पुढे काय होशील?” मुलगी मँचेस्टरला शिकते. तिने एका जुन्या इंग्रजी विनोदी मालिकेतला तुकडा पाठवला. सोफ्यावर बसलेली एक कुरकुरी म्हातारी, नाव लिझ स्मिथ. खाली लिहिलं होतं, “आई, ही तू!” मी आधी हसले, मग रात्री बराच वेळ डोळा लागला नाही. काम घेऊ का? घ्यायचं तर स्वेच्छानिवृत्ती घेऊन पूर्ण वेळ यातच उतरू का? आणि हे नुसतंच मनातलं : आयुष्यभर विंगेतच उभी राहिले का मी?

– विंगेतली, सांगली

प्रिय विंगेतल्या ताई,

आधी त्या तुकड्याचं बघू, कारण झोप त्याने उडवली आहे.

तुमच्या लेकीने तुमची थट्टा केलेली नाही. सोफ्यावरची ती म्हातारी म्हणजे बीबीसीच्या ‘द रॉयल फॅमिली’ मालिकेतली नॅना, म्हणजे आजी. रॉयल हे त्या घराचं आडनाव, राजवाड्याशी त्याचा संबंध नाही. मँचेस्टरमधलं एक साधं कामगार कुटुंब, एक दिवाणखाना, समोर टीव्ही आणि त्यापुढे बसून चाललेल्या बिनकामाच्या गप्पा, एवढ्यावर ती मालिका उभी आहे. ती १९९८ मध्ये सुरू झाली तेव्हा लिझ स्मिथ ७६ वर्षांची होती. तिथे निदान वय आणि भूमिका यांची गाठ पडली. एरवी ती स्वतःपेक्षा वयाने मोठ्या बायकाच करत आली, तेही लहानपणापासून. गावातल्या हौशी नाटकांत नवव्या वर्षीच तिच्या वाट्याला म्हाताऱ्या यायच्या. तुम्ही बाविसाव्या वर्षी केसांना पावडर फासलीत म्हणजे तिच्या मानाने तेरा वर्षं उशीरच केलात.

आता खरा योगायोग. तिला सिनेमातलं पहिलं धड काम मिळालं तेव्हा तिचं वय होतं ४९.

हे वाचून तुमच्या मनात जे चमकलं असेल ते तिथेच थांबवा. ही गोष्ट लोक ज्या तऱ्हेने सांगतात ती मला मुळीच पसंत नाही. एक बाई खेळण्यांच्या दुकानात उभी होती, निरोप आला आणि ती नटी झाली, एवढंच सांगून लोक मोकळे होतात. त्या निरोपाआधीच्या वर्षांत काय झालं ते कोणी सांगत नाही, आणि तुमच्या प्रश्नाचं उत्तर नेमकं तिथे आहे.

लिंकनशायरमधलं स्कन्थॉर्प हे पोलादाच्या भट्ट्यांचं गाव. तिथे ११ डिसेंबर १९२१ ला तिचा जन्म झाला. जन्माचं नाव बेटी ग्लीडल. ती दोन वर्षांची असताना आई बाळंतपणात गेली. सात वर्षांची असताना वडील नव्या संसारात गेले आणि नव्या बायकोच्या अटीवरून त्यांनी लेकीशी संबंधच तोडला. तिला वाढवलं आजीने. सिनेमाचं वेड लागलं ते चौथ्या वर्षापासून, आजोबांबरोबर जाऊन. महायुद्धात ती आरमाराच्या महिला दलात होती, आणि पुढे जो नवरा झाला तो जॅक थॉमस तिला आपल्या भारतातच भेटला. १९४५ मध्ये लग्न, दोन मुलं, मग घटस्फोट.

त्या काळच्या इंग्लंडात दोन मुलं घेऊन एकटी राहणारी घटस्फोटित बाई म्हणजे काय, हे तुम्हाला वेगळं समजावून सांगायला नको. पैशाची ओढाताण होतीच, वर लोकांच्या नजरा. ती प्लास्टिकच्या पिशव्या बनवणाऱ्या कारखान्यात राबली, मिळेल ती आणखीही कामं केली. आणि हे सगळं चालू असताना ती चार्ल्स मॅरोविट्झ नावाच्या अमेरिकन दिग्दर्शकाकडे अभिनय शिकत होती.

या मॅरोविट्झवर थोडं थांबते. तो न्यूयॉर्कहून लंडनला आला होता. पुढे १९६४ मध्ये पीटर ब्रुक या इंग्रज दिग्दर्शकाबरोबर त्याने ‘थिएटर ऑफ क्रुएल्टी’चे, म्हणजे प्रेक्षकाला हादरवून सोडणाऱ्या नाटकाचे, प्रयोग केले, १९६८ मध्ये ‘ओपन स्पेस’ नावाचं स्वतःचं छोटं थिएटर काढलं. नटाने पाठ केलेलं बोलून दाखवण्यापेक्षा पात्राच्या आत शिरून, संहिता बाजूला ठेवून, आयत्या वेळी सुचेल ते करत जावं, अशी त्याची शिकवण. असल्या शिकवणीतून घरभाडं निघत नाही. चाळिशीच्या आसपासची, दिवसभर दमलेली बाई तिथे का जात असेल? पुढे आपल्याला काम मिळेल याची हमी तिला कोणीच दिलेली नव्हती. माझा अंदाज असा की तिथे गेल्याशिवाय तिला चैन पडत नसावं. तुम्ही मार्चअखेरची कामं उरकून रात्री तालमीला धावता, तेही काही वेगळ्या कारणाने धावत नसाल.

मग आला १९७० चा नाताळ. लंडनच्या रीजंट स्ट्रीटवर हॅम्लीज नावाचं खेळण्यांचं मजलेच्या मजले पसरलेलं दुकान आहे. (सध्या त्याची मालकी रिलायन्सकडे आहे. मुंबईच्या मॉलमध्ये त्याची पाटी तुम्ही पाहिली असेल.) नाताळच्या गर्दीत तिथे जादा माणसं लागतात, तशी ही तिथे खेळणी विकत होती. तेवढ्यात निरोप आला : माइक ली नावाचा एक तरुण दिग्दर्शक सिनेमा करतोय, त्याला मध्यमवयीन बाई हवी आहे.

ली तेव्हा २७ वर्षांचा होता. सिनेमा म्हणजे ‘ब्लीक मोमेंट्स’, त्याचा पहिलाच. लीकडे लिहून तयार संहिता नसते. तो नटाबरोबर बसतो, माणूस घडवत जातो, तालमीत प्रसंग पुन्हा पुन्हा उत्स्फूर्तपणे करून घेतो आणि त्यातून संवाद पक्के होतात. नाटकात वर्षानुवर्षं मुरलेले कित्येक नट अशा ठिकाणी घाबरून जातात, कारण हातात कागद नसतो. या बाईने मात्र आधीची कित्येक वर्षं नेमकं हेच केलेलं! खेळण्यांच्या दुकानातला निरोप हे नशीब, हे मी मान्य करते. निरोप आल्यावर तिच्यापाशी द्यायला काहीतरी होतं, ते मात्र कोणी आयतं आणून दिलं नव्हतं.

तरीही एक कडू गोष्ट लिहून ठेवते, नाहीतर मी तुम्हाला फसवल्यासारखं होईल. अशाच कारखान्यांत राबलेल्या, अशाच वर्गांना गेलेल्या आणि कधीच निरोप न आलेल्या बायका किती असतील, कोण जाणे. त्यांची आत्मचरित्रं निघत नाहीत. लिझ स्मिथचं निघालं, २००६ मध्ये, ‘अवर बेटी’. तेव्हा तिच्याकडे बोट दाखवून “बघा, वाट पाहिली की फळ मिळतं” असं मी म्हणणार नाही. तुमच्यापुढचा प्रश्न तसाही वेगळा आहे. तुमचा निरोप आला आहे आणि तुम्ही दुकानात उभ्या राहून विचार करताय, जाऊ की नको.

‘ब्लीक मोमेंट्स’ला १९७२ मध्ये स्वित्झर्लंडमधल्या लोकार्नोच्या चित्रपट महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार मिळाला, पण त्यानंतर लीला पुढचा सिनेमा करायला १९८८ उजाडलं. मधल्या काळात तो टीव्हीसाठी काम करत राहिला. १९७३ मध्ये त्याने बीबीसीसाठी ‘हार्ड लेबर’ हे टीव्हीवरचं नाटक केलं. सॅल्फर्डमधली मिसेस थॉर्नली, स्वतःच्या घरात राबून वर दुसऱ्या श्रीमंत बाईच्या घरची साफसफाई करणारी. नवरा हुकूम सोडतो, ती करते. फार बोलत नाही. शेवटाकडे ती चर्चमध्ये पाद्र्यापुढे पापाची कबुली द्यायला बसते आणि सांगते की माझ्या हातून माणसांवर पुरेसं प्रेम होत नाही. पाद्र्याचं लक्ष धड नसतं.

ताई, नायिका वाट्याला आली नाही म्हणता ना? लिझ स्मिथला नायिका मिळाली ती ही, वयाच्या ५१ व्या वर्षी. गाणं नाही, प्रेमप्रसंग नाही, हातात फडकं. पण सबंध नाटक तिच्याभोवती फिरतं आणि ती जवळजवळ गप्प राहून ते तोलून धरते. (याच नाटकात एका टॅक्सीवाल्याचं छोटंसं काम आहे. तो टॅक्सीवाला म्हणजे बेन किंग्जली. तोच, जो पुढे ‘गांधी’ झाला. छोटी कामं करणारी माणसं एकमेकांना कुठे कुठे भेटतात, बघा.)

त्यानंतर तिला कामाची ददात राहिली नाही. मालिकांमध्ये, सिनेमांमध्ये मोलकरणी, शेजारणी, भविष्य सांगणाऱ्या, कुणाकुणाच्या आया. ती यादी मी देत बसत नाही. आता तुमच्या त्या “तीन वर्षांनी लहान मुलगा” या तक्रारीकडे येते, कारण पत्रात तुम्ही त्यापुढे उद्गारचिन्ह घातलं आहे आणि तिथेच खरं दुखतंय असं मला वाटतं.

१९८४ चा ‘अ प्रायव्हेट फंक्शन’ हा सिनेमा. लेखन अ‍ॅलन बेनेटचं. १९४७ चा काळ. युद्ध संपलंय पण इंग्लंडात मांस अजून रेशनवरच आहे. राजकन्या एलिझाबेथच्या लग्नानिमित्त मेजवानी देता यावी म्हणून यॉर्कशायरमधल्या एका गावातले प्रतिष्ठित लोक चोरून एक डुक्कर वाढवतात, आणि ते डुक्कर एका भिडस्त पेडिक्युअरवाल्याच्या घरात येऊन पडतं. त्याची बायको मॅगी स्मिथ आणि बायकोची ७४ वर्षांची आई म्हणजे लिझ स्मिथ, सदैव भुकेली. आडनाव एकच असलं तरी दोघींचं नातं नाही. आता वयं मोजा. मॅगी स्मिथचा जन्म १९३४ चा, लिझचा १९२१ चा. आई लेकीपेक्षा तेरा वर्षांनी मोठी! आणि चौऱ्याहत्तरीची म्हातारी करणारी नटी तेव्हा नुकती साठी ओलांडलेली.

त्या सिनेमासाठी मॅगी स्मिथला बाफ्टाचं, म्हणजे ब्रिटिश चित्रपट अकादमीचं, सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं आणि साहाय्यक अभिनेत्रीचं लिझ स्मिथला. तेरा वर्षांच्या अंतराचा सिनेमा बघताना कोणाला त्रास झाला नाही. तुमच्या तीन वर्षांच्या अंतराचाही होणार नाही. हे तीन वर्षांचं गणित फक्त तुम्ही, तो नट आणि मेकअप दादा यांच्यातलं आहे. त्या नटाला तर तुमच्याहून जास्त अवघडल्यासारखं होईल, त्याला एकदा चहा पाजा.

हे झालं वयाचं. पण त्या मैत्रिणीच्या बोलण्यातला दुसरा काटा आहे : आजी म्हणजे आजीच, एकदा केली की शिक्का बसला. इथे मात्र मला लिझ स्मिथकडून शिकायला मिळालं. मिसेस थॉर्नली, जिच्या घशातून शब्द निघत नाही. डुकराच्या घरातली आई, जिचं सगळं चित्त पुढच्या घासाकडे. मग १९९४ ची ‘द व्हिकर ऑफ डिबली’ ही मालिका, त्यात लेटिशिया क्रॉप्ली. खेडेगावातली प्रेमळ बाई, जिला स्वयंपाकात कशात काय घालू नये याचा पत्ताच नाही, आणि तिने केलेलं खावं लागणाऱ्या गावकऱ्यांचे चेहरे बघण्यासारखे. आणि शेवटी तुमची ती नॅना : गोड बोलून आपलं म्हणणं पदरात पाडून घेणारी, मुलीच्या घरी मुक्काम लांबवणारी, जावयाने टोमणे मारले तर ऐकू आलं नाही असं दाखवणारी. चारही म्हाताऱ्या. एकीच्या जागी दुसरी बसवून बघा, एक दृश्यही चालायचं नाही.

चरित्र अभिनेत्री हा शब्द आपण जरा दयेनेच उच्चारतो, नायिका न झालेली ती चरित्र अभिनेत्री, असं काहीसं. मी वीस वर्षं विंगेत बसून प्रॉम्प्टिंग केलंय. त्या जागेवरून दिसतं की नायिकेचं काम नाटककाराने अर्धं आधीच करून ठेवलेलं असतं, लेखणी तिच्यावर खर्च झालेली असते. म्हातारीच्या वाट्याला चार वाक्यं येतात : “आलास का रे?”, “जेवलास का?”, “देव बघून घेईल”, आणि एक खोकला. त्या चार वाक्यांत ही बाई कोण आहे ते नटीनेच आणायचं असतं. ते जिला जमतं तिच्या एन्ट्रीला आम्ही प्रॉम्प्टर लोक वही मिटून बघायचो.

तेव्हा काम घ्या. या पहिल्या प्रश्नाचं उत्तर मी फिरवून फिरवून देतेय, पण उत्तर तेच आहे.

आता नोकरी. इथे माझं उत्तर नाही असं आहे, आणि तुम्हाला ते आवडणार नाही. लिझ स्मिथने अभिनयासाठी नोकरी सोडली अशी गोष्ट कुठे नाही. काम आलं तेव्हा ती दुकानात उभी होती. शिवाय तिच्याकडे सोडण्यासारखं काही नव्हतं, ना सेवापुस्तक, ना निवृत्तिवेतन. तुमच्याकडे आहे. पुरती पारख न करता ते फेकून देणं म्हणजे धाडस असं तुम्हाला या क्षणी वाटत असेल. मला ती घाई वाटते. आणि त्या घाईमागे आणखी एक गोष्ट असावी असा मला संशय आहे. इतकी वर्षं लिपिक म्हणून गेली याचा राग एका अर्जाने काढून टाकावा, असं तर नाही ना?

मालिकेचं गणित सांगते. मालिकेतली आजी हे फार अस्थिर पद आहे. टीआरपी घसरला की आजी काशीयात्रेला निघते, नाहीतर तिच्या फोटोला हार चढतो. लेटिशिया क्रॉप्लीसुद्धा पहिल्याच पर्वानंतर, १९९६ च्या ईस्टरच्या भागात मारली गेली. (मरताना ती गावच्या पाद्रीणबाईंना सांगते की दरवर्षी ईस्टरचा ससा होऊन अंडी वाटणारी मीच, आता ते काम तुम्ही करा. एवढं छान मरण आपल्याकडच्या आज्यांना लिहून मिळत नाही, ते सोडा.) त्यात तुमचे पैसे दिवसावर मोजले जाणार आणि या धंद्याच्या रीतीप्रमाणे ते हातात यायला तीन महिने लागणार. पहिल्या महिन्याच्या पगाराच्या जागी तुमच्याकडे फक्त कॉल शीटचे, म्हणजे चित्रीकरणाच्या वेळापत्रकाचे, मेसेज असतील.

म्हणून असं करा. कार्यालयाकडे लेखी परवानगी मागा. नोकरीत असताना मानधनाचं काम तोंडी परवानगीवर घेऊ नका. आज हसणारा साहेब उद्या बदलून जाईल आणि कागद राहील. अर्जित रजा किती साठली आहे ते बघा, तुमच्यासारख्या बाईची भरपूर साठलेली असते. आस्थापना शाखेत जाऊन आज निवृत्त झालात तर हातात काय येईल आणि मुदत पूर्ण करून झालात तर काय, हे दोन्ही आकडे लिहून घ्या आणि कपाटात ठेवा. स्वेच्छानिवृत्तीचा विचार एक वर्षाने, ते आकडे समोर ठेवून करा. तोवर मालिका जिवंत आहे का, तुम्ही तिच्यात जिवंत आहात का, आणि बारा-तेरा तासांच्या शिफ्टनंतर तुमचे गुडघे काय म्हणतात, हे सगळं कळलेलं असेल.

निर्मितीवाल्यांना विचारा : महिन्याला किमान किती दिवस काम देणार, आणि ते करारात लिहिणार का? सांगलीहून वाई दीडशे किलोमीटरच्या वर आहे, राहायची सोय कोणाची? सलग दिवस देणार की मंगळवारी एक आणि शुक्रवारी एक? सलग आठ दिवस दिले तर रजा जुळवता येते, सुटे दिवस दिले तर तुमची एसटीतच उमर जाईल. असं विचारलं की लोक नाराज होतात अशी हौशी रंगभूमीवरच्या माणसांना भीती असते, कारण आपल्याला पदरमोड करून काम करायची सवय. तिथे ही सवय विसरा.

यजमानांबद्दल तुम्ही एकच वाक्य लिहिलंय, मीही दोनच लिहिते. “आता या वयात कशाला?” या प्रश्नात वयाची काळजी किती आणि दुपारच्या डब्याची किती, ते त्यांनाच विचारा. डब्याची असेल तर ती पोळीभाजी केंद्रावर सुटते.

राहिला विंगेचा प्रश्न, जो तुम्ही “नुसतंच मनातलं” म्हणून शेवटी लिहिलात.

लिझ स्मिथने नॅना केली, ती २००६ मध्ये संपली. ‘द क्वीन ऑफ शेबा’ हा तो खास भाग. नॅना आजारी आहे, तिचा पलंग दिवाणखान्यातच, त्याच टीव्हीसमोर टाकलाय. मुलगी बार्बरा, म्हणजे सू जॉन्स्टन, तिचे केस नीट करते, तिला नटवते आणि दोघी बोलत असतात. मोठं काही बोलत नाहीत. दोन बायका, एक कंगवा. लिझ तेव्हा पंच्याऐंशीला टेकलेली. एवढ्या वयात मरणाचा अभिनय करायचा आणि तो विनोदी मालिकेत करायचा, हसू न घालवता, हे काम सोपं नाही. पुढच्या वर्षी त्यासाठी तिला ब्रिटिश कॉमेडी अवॉर्डमध्ये सर्वोत्कृष्ट टीव्ही विनोदी अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं. ज्या मुलीची आई तिच्या दुसऱ्याच वर्षी गेली, वडिलांनी सातव्या वर्षी पाठ फिरवली, तिला आजीनेच वाढवलं होतं. तेव्हा एका आजीचे केस कोणीतरी विंचरतंय या दृश्यासाठी तिने कुठून काय आणलं असेल, याचा अंदाज मी करू शकते, खात्री देऊ शकत नाही. लेकीला सांगा, तो पूर्ण भाग पाठव. तुकडे नकोत. तो बघताना एकटीने बघा, आणि पहिल्यांदा बघाल तेव्हा अभिनय बघू नका.

२००९ मध्ये तिला एमबीई हा ब्रिटिश राजघराण्याकडून दिला जाणारा किताब मिळाला. त्याच वर्षी पक्षाघाताचे झटके आले आणि तिने काम थांबवलं. २४ डिसेंबर २०१६ ला, नाताळच्या आदल्या दिवशी, ती ९५ व्या वर्षी गेली. हिशेब केला तर दिसतं की निम्मं आयुष्य खेळण्यांच्या दुकानापर्यंत पोचण्यात गेलं आणि उरलेलं निम्मं त्यानंतर. पहिलं निम्मं विंगेतलं का? मी प्रॉम्प्टर होते, मला विचारू नका. विंग ही माझ्यासाठी नाटकातली सर्वांत चांगली जागा होती.

आता तयारीला लागा. तुमच्या ओळखीतली एक पंच्याहत्तरीची बाई निवडा, एकच. चार जणींची भेळ करू नका. तिच्याकडे जाऊन बसा. ती खुर्चीतून उठताना आधी हात कुठे टेकते? चष्मा कुठे ठेवते आणि कुठे शोधते? ऐकू येतं तेव्हा आणि न आल्याचं दाखवते तेव्हा मान कशी वेगळी वळते? आवाज थरथरवू नका. आपल्याकडे म्हातारपण म्हणजे थरथरता आवाज आणि वाकलेली कंबर असं ठरूनच गेलंय, आणि तुमच्या बाविसाव्या वर्षीच्या आजीत ते होतंच असणार. खऱ्या पंच्याहत्तरीच्या बायका ताठ चालतात, उलट आपण वाकलेलो नाही हे दाखवायचा त्यांचा आटापिटा असतो.

आणि वाईला जाण्याआधी विग मागवून एकदा डोक्यावर चढवून बघा. मालिकांमधले पांढरे विग बहुतेक वेळा भयंकर असतात, कपाळावर जाळी दिसते. नाही पटला तर केस रंगवणं आजपासून बंद करा. चित्रीकरण सुरू व्हायला दोन महिने असतील, तर तेवढ्यात मुळांशी पुरेसं पांढरं येईल. ऑफिसातली मैत्रीण विचारेल, तिला सांगा, कामासाठी करतेय.